चालती चित्रे : गायकवाडांची पाठ

परवा धंतोलीत तर्री-पोह्यांच्या ठेल्यावर उभ्या उभ्या मित्राला मोबाइलवर एक जुनी फिल्म दाखवली. ऐवज काही सेकंदांचाच. दिल्ली दरबार, १२ डिसेंबर १९११. पंचम जॉर्ज आणि राणी मेरीपुढे एकेक संस्थानिक मुजऱ्याला येतोय. पहिला मान हैदराबादच्या निजामाचा, दुसरा बडोद्याच्या सयाजीराव गायकवाडांचा. महाराज हातात काठी घेऊन येतात, एकदा वाकतात, वळतात नि चालू लागतात.

"पाठ तं दाखवलीच ना बे त्यानं!" मित्र जाम खूश.

लंडनही तेव्हा हेच म्हणालं होतं, खूश मात्र झालं नव्हतं. तीनदा लवायचं आणि पाठ न दाखवता मागे सरकत जायचं, असा रिवाज होता. आधी वर्तमानपत्रांनी गहजब केला, मग लोकांनी पडद्यावर 'पुरावा' पाहिला. गंमत अशी, की कॅमेरे नेले होते साम्राज्याचा थाट जगाला दाखवायला. चार्ल्स अर्बनच्या माणसांनी तर किनेमाकलरमध्ये, म्हणजे चक्क रंगीत चित्रण केलं. एवढ्या लवाजम्यातून चर्चेला उरला तो एका मराठी राजाचा अर्धामुर्धा नमस्कार.

सयाजीराव आधीपासूनच इंग्रजांच्या डोळ्यांत सलत होते. अरविंद घोष १९०६ पर्यंत त्यांच्याच नोकरीत होते. महाराजांनी व्हाइसरॉय हार्डिंजला माफीचं पत्र धाडलं: गोंधळलो, पुढे फक्त निजाम होता, त्याचंही नीट दिसलं नाही. आपल्या देशभक्त मंडळींना हे पत्र अडचणीचं वाटतं. ते सहसा गाळलं जातं. मलाही ते पुरतं पटत नाही. १८७७ चा दिल्ली दरबार या माणसाने तेराव्या वर्षी पाहिला होता. पण त्याच दिवसांत लेक इंदिराराजे ग्वाल्हेरच्या शिंद्यांशी ठरलेलं लग्न मोडायला निघाली होती. बापाचं चित्त थाऱ्यावर नसेल, हेही शक्य आहे.

फिल्मवर मात्र माझा त्याहून कमी भरवसा. तेव्हाचा कॅमेरा हाताने फिरवायचा, सेकंदाला सोळाच्या आसपास चित्रं. थिएटरातलं यंत्रही बहुधा हातानेच चाले. तिथल्या माणसाने हँडल जरा भरभर फिरवलं, की संथ चाल तरातरा होते, वाकणं म्हणजे नुसता झटका वाटतो. उद्धटपणाचं निम्मं माप असं हँडलवाल्याच्या मनगटात. शिवाय कॅमेरा एका जागी रोवलेला. चेहऱ्यावर काय होतं, ते त्याला कुठलं दिसायला?

याच दौऱ्यात राजा-राणी नागपुरातही येऊन गेले. सीताबर्डीच्या किल्ल्यावरून त्यांनी लोकांना दर्शन दिलं. किल्ला ठेल्यापासून जवळच. तिथला त्या भेटीचा स्तंभ १ मे, १५ ऑगस्ट आणि २६ जानेवारीला आपण रांग लावून बघतो आणि खाली उतरून चाट खातो. दर्शनाला आलेल्या नागपूरकरांपैकी कोण किती वाकलं, याची चौकशी कोणी केली नाही.

मित्राच्या हातून मोबाइल घेऊन मी फिल्मचा वेग निम्मा केला. महाराज सावकाश आले, चांगले अदबीने वाकले, जड पावलांनी वळले. मित्राने तोंड वाकडं केलं, मोबाइल ओढून घेतला आणि वेग दीडपट करून पुन्हा पहिल्यापासून लावला.

– धंतोलीकर