‘निर्णय घ्या’ म्हणजे न्याय नव्हे

परवान्याचा अर्ज महिनोन्‌महिने पडून राहतो. अर्जदार अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयात जातो. आदेश होतो : अमुक आठवड्यांत कायद्यानुसार निर्णय घ्या. घरी पेढे वाटतात. कशाचे? न्यायालयाने परवाना ‘द्या’ म्हटलेलेच नाही. साहेबांना ज्या कामाचा पगार मिळतो ते काम करा, एवढेच सांगायला अर्जदाराने वकिलाची फी भरली!

मोटार वाहन कायदा, 1988 चे कलम 80 सांगते : अर्ज सहसा नाकारू नका, नाकारलाच तर कारण लेखी द्या, अर्जदाराचे म्हणणे ऐका. नकारावर कलम 89 खाली अपीलही आहे. गप्प बसण्याला मात्र ना कारण लागते ना त्यावर कलम 89 खाली अपील होते. म्हणून फाईल दाबून ठेवणे सोयीचे.

आपल्या समाजात स्वयंरोजगारावर जगणारे किती जास्त, हे सच्चर समितीने 2006 मध्येच दाखवले. रिक्षा-टेम्पोवाल्याचा बँकेचा हप्ता काही साहेबांच्या सहीसाठी थांबत नाही. महाराष्ट्राच्या लोकसेवा हक्क कायद्यात (2015) दिरंगाईला दंड आहे, 500 ते 5000 रुपये. तोही किती जणांकडून वसूल होतो, विचारून पाहा. (अर्ज, तारीख, दाद हे शब्द उर्दूत नि मराठीत एकच, वणवणही एकच.)

आदेश देताना न्यायालयांनी याचिकेचा खर्च दिरंगाई करणाऱ्या अधिकाऱ्याच्या पगारातून कापायला सांगावा. सरकारी तिजोरीतून नको, तिच्यात पैसा आपलाच आहे. आणि वकिलांनी तशी मागणी पहिल्याच याचिकेत लिहावी.