गुन्हा दिसत नाही, की बघायचाच नसतो?

ओळखीच्या एका पोराने परवा शॉर्ट फिल्मची गोष्ट ऐकवली. तोरणमाळचे धुके, यशवंत तलाव, एका आदिवासी मुलीचा मृत्यू आणि 'कुणाच्याच लक्षात न आलेला गुन्हा'. शेवटी सीताखाईचा लांबून शॉट. पोरगा मनापासून काम करतोय, त्याला नाउमेद करायचे नाही. पण 'लक्षात न आलेला' या शब्दालाच माझा विरोध आहे.

तोरणमाळ ज्या अक्राणी तालुक्यात आहे, तिथेच ऑगस्ट २०२२ मध्ये एका आदिवासी तरुणीचा मृत्यू झाला. पोलिसांनी आत्महत्या म्हणून नोंद केली. बलात्कार करून खून केला, असा घरच्यांचा आरोप होता. पुन्हा शवविच्छेदन व्हावे म्हणून बापाने लेकीवर अंत्यसंस्कार केले नाहीत. खड्ड्यात मीठ भरून मृतदेह जपून ठेवला, सुमारे दीड महिना! गाजावाजा झाला, तेव्हा सप्टेंबरमध्ये तो मुंबईच्या जे. जे. रुग्णालयात गेला. गुन्हा कोणी केला, केला की नाही, ते कोर्ट बघेल. माझा प्रश्न त्याआधीचा आहे. पुरावा कुजू द्यायचा नसतो हे बापाला कळत होते. मग लक्षात आले नाही ते नेमके कुणाच्या?

खैरलांजीतही तेच. २९ सप्टेंबर २००६ ला भोतमांगे कुटुंबातले चौघे मारले गेले. गावाला माहीत होते. राज्याला मात्र आंबेडकरी जनता रस्त्यावर उतरल्यावर दिसले. २००८ मध्ये भंडाऱ्याच्या न्यायालयाने खुनासाठी शिक्षा दिली, पण अ‍ॅट्रॉसिटी कायदा लागू झाला नाही. खून दिसला, जात दिसली नाही.

गंमत म्हणजे, हे न बघणे कायद्याने गुन्हाच मानले आहे. अ‍ॅट्रॉसिटी कायद्याचे कलम ४ बघा. कर्तव्यात जाणूनबुजून कसूर करणाऱ्या बिगर-दलित, बिगर-आदिवासी सरकारी नोकराला सहा महिने ते एक वर्ष कैद. फिर्याद नोंदवणे, तोंडी माहिती लिहून घेऊन वाचून दाखवणे, प्रत देणे ही कामे २०१५ च्या दुरुस्तीने कलमातच घातली. मेख पुढे आहे: त्यासाठी आधी प्रशासकीय चौकशीची शिफारस लागते. म्हणजे एका साहेबाने डोळे मिटले की नाही, हे दुसरा साहेब ठरवणार.

त्या पोराला म्हटले, धुके राहू दे. आपल्या जिल्ह्यात कलम ४ आजवर किती जणांवर लागले, ते माहितीच्या अधिकारात विचारून ये. मग स्क्रिप्ट लिहायला बसू.