चाल पाठ, नाव?

मित्रांनो, एक सोपी टेस्ट. ‘आभाळमाया’चं शीर्षकगीत आठवतंय? मालिका १९९९ मध्ये सुरू झाली, म्हणजे आपल्यातल्या बऱ्याच जणांच्या जन्माआधी. तरी घरात आई गुणगुणते म्हणून चाल आपल्यालाही पाठ. आता सांगा, ती कुणाची?

अशोक पत्की यांची. ‘वादळवाट’ही त्यांचंच, ‘झंडू बाम’ची जिंगलही त्यांचीच. १९८८ मध्ये दूरदर्शनवर आलेल्या ‘मिले सुर मेरा तुम्हारा’च्या संगीतात लुई बँक्स यांच्यासोबत तेही होते. ‘अंतर्नाद’ या कोकणी चित्रपटासाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

जिंगल, शीर्षकगीत म्हणजे किरकोळ काम, असं आपण धरून चालतो. मला ते पटत नाही. काही सेकंदांत ओळख पटवायची आणि रोज ऐकूनही कंटाळा येऊ द्यायचा नाही, हे सोपं नाही राव!

पण नाव पडद्यावर येईपर्यंत आपण ‘स्किप’ दाबलेलं असतं. आणि आपल्या हिंगोलीतल्या कॉलेजांत तरी वेगळं काय? गॅदरिंगच्या एकांकिकेला चाल लावणारा पोरगा हार्मोनियम घेऊन विंगेत बसतो. टाळ्या स्टेजवरच्यांना. उद्या त्यानं हे सगळं सोडून दिलं, तर आपल्याला कळणारही नाही.

म्हणून एवढंच करा. रील टाकताना गायकासोबत संगीतकाराचंही नाव लिहा. आणि यंदाच्या गॅदरिंगला त्या पोराला स्टेजवर बोलवा, माइकवर नाव घेऊन. जमेल ना?