माईकला कान कधी फुटणार?

2 फेब्रुवारी 2025. अहिल्यानगरच्या वाडिया पार्कात महाराष्ट्र केसरी रंगली आणि आपल्या फोनवर एकच क्लिप फिरली : शिवराज राक्षेने पंचांना मारलेली लाथ. पुढे त्याच्यावर आणि महेंद्र गायकवाडवर तीन वर्षांची बंदी आली. लाथेचं समर्थन होऊच शकत नाही. पण दोनदा महाराष्ट्र केसरी झालेल्या पैलवानाच्या डोक्यात त्या क्षणी काय चाललं असेल, हे किती जणांनी विचारलं? आपण 'माज' असं लिहिलं आणि पुढचं रील बघितलं.

म्हणून मला गॅरी ब्लूम महत्त्वाचा वाटतो. हा इंग्लंडमधला फुटबॉल समालोचक. टीव्हीवर वर्षानुवर्षं मॅच सांगितल्यावर तो रीतसर शिकून सायकोथेरपिस्ट झाला आणि ऑक्सफर्ड युनायटेड या क्लबच्या खेळाडूंसोबत काम करू लागला. टॉकस्पोर्ट रेडिओवर 'ऑन द स्पोर्टिंग काउच' हा कार्यक्रमही त्याने केला. त्यात खेळाडू स्कोअर सोडून स्वतःबद्दल बोलायचे.

ही दोन कामं एकमेकांच्या उलटी आहेत. पेनल्टी हुकली की समालोचक दोन सेकंदांत निकाल देतो, "दडपण झेपलं नाही!" थेरपिस्टचं काम तिथून सुरू होतं. कसलं दडपण? कुणाचं? कधीपासूनचं?

आपल्याकडे गावोगावच्या टेनिस-बॉल स्पर्धांत माईकवाला भाऊ जोरात असतो. यूट्यूब लाइव्ह चालू, डीजे तयार. कॅच सुटला की पोराची सगळ्या गावासमोर टिंगल. ती क्लिप मग व्हॉट्सॲपवर महिनाभर फिरते. याला आपण मनोरंजन म्हणतो. सतरा वर्षांच्या पोराला ते काय वाटतं, ते त्याने सांगायचं कुणाला? कोच म्हणतो, "टेन्शन घेऊ नको." घरी म्हणतात, "खेळ सोड."

अजिंक्य रहाणे मूळचा संगमनेर तालुक्यातल्या आश्वी खुर्दचा. ॲडलेडला संघ 36 धावांत गारद झाल्यावर पुढच्याच कसोटीत मेलबर्नला त्याने कर्णधार म्हणून शतक ठोकलं. आपण त्याच्या शांतपणाचं भरभरून कौतुक केलं. पण त्या कौतुकातून पोरांनी भलताच धडा घेऊ नये. शांत असणं वेगळं आणि गप्प बसणं वेगळं.

"हे गोऱ्यांचे चोचले" म्हणणाऱ्यांनी शेजारचं नाशिक बघावं. तिथले भीष्मराज बाम पोलीस अधिकारी होते. त्यांनी कितीतरी खेळाडूंच्या मनाची तयारी करून घेतली आणि 'विजयाचे मानसशास्त्र' मराठीत लिहिलं. म्हणजे भाषा आपल्याकडे आहे, माणसंही होती. कमी पडली ती आयोजकांची इच्छा.

ट्रॉफी, फटाके, पाहुण्यांचे फेटे यांना पैसा निघतो. मग स्पर्धेच्या खर्चात एका समुपदेशकाचं मानधन का बसत नाही? माईकवाल्याला एवढंच सांगायचं : खेळावर बोल, पोराच्या लायकीवर नको. मध्यंतरात गुटख्याच्या जाहिरातीऐवजी 14416 हा नंबर सांग. ती सरकारची टेली-मानस हेल्पलाइन आहे, फुकट आणि चोवीस तास.

ब्लूमसारखं प्रत्येकाने थेरपिस्ट व्हायची गरज नाही. पण ज्याच्या हातात माईक आहे, त्याच्या एका वाक्याने पोरगं मैदानात टिकतं किंवा कायमचं घरी बसतं. एवढी ताकद हातात असताना 'गंमत केली' म्हणून सुटता येणार नाही.