शोध अमेरिकेचा, कारखाना तैवानचा

नागपूरच्या लकडगंजातील कोणताही लाकूडव्यापारी सांगेल की, ओंडक्याचे मोल आरागिरणीत वाढते. हे साधे व्यवहारज्ञान महासत्तेला मात्र उशिरा सुचले. १९४७ साली अमेरिकेतील बेल प्रयोगशाळेत ट्रान्झिस्टर जन्मला. पुढे चिपही अमेरिकेतच घडली. १९९० साली जगाच्या चिप-उत्पादनक्षमतेचा सुमारे ३७ टक्के वाटा अमेरिकेत होता; २०२० पर्यंत तो १२ टक्क्यांवर आला. आराखडे अमेरिकेचे आणि कारखाने तैवान-कोरियाचे, अशी विभागणी झाली. नफा वाढला, परंतु घडविणारे हात परके झाले. अखेर ऑगस्ट २०२२ मध्ये कायदा करून सुमारे ५२ अब्ज डॉलर या उद्योगासाठी मंजूर करावे लागले. ऑक्टोबरमध्ये प्रगत चिपच्या चीनकडील निर्यातीवर निर्बंधही आले.

महाराष्ट्राने यातून काय घ्यावे? सप्टेंबर २०२२ मध्ये वेदांत-फॉक्सकॉन प्रकल्प तळेगावऐवजी गुजरातकडे वळला, तेव्हा येथे मोठे वादंग माजले. जुलै २०२३ मध्ये फॉक्सकॉननेच त्यातून अंग काढून घेतले. भांडण जागेचे झाले. तंत्रज्ञान कोठून येणार आणि ते हाताळणार कोण, हा प्रश्न बाजूलाच राहिला. सवलतींनी कारखान्याची इमारत उभी राहते, कारागीर नव्हे. तो प्रयोगशाळेत आणि तंत्रनिकेतनात वर्षानुवर्षे घडवावा लागतो. अमेरिकेजवळ पैसा असूनही तिला आज हीच उणीव भासते आहे. प्रकल्पांच्या पळवापळवीवर कंठशोष करणाऱ्यांनी आपल्या शिक्षणसंस्थांतील प्रयोगशाळांकडे आधी पाहावे.