त्रेचाळीसचा हिशेब

लहानपणी पाढे म्हणताना बेचाळीसच्या जागी त्रेचाळीस निघाले, की पाठीत धपाटा बसे. त्यामुळे किरण नगरकरांच्या ‘सात सक्कं त्रेचाळीस’चे नाव वाचताच मी चरकलो होतो. ही कादंबरी १९७४ साली आली. वाचनालयातून आणलेल्या प्रतीच्या चिठ्ठीवर माझ्याआधी तीनच तारखा होत्या. वडिलांनी चार पाने चाळली आणि विचारले, ‘‘याला सुरुवात कुठे आहे?’’ कुशंक पुरंदरेचे ते तुकड्यातुकड्यांतले आयुष्य, काळाची मोडलेली साखळी. खरे सांगायचे तर मलाही तेव्हा सुरुवात सापडली नव्हती.

नंतर नगरकरांनी महाभारतावर ‘बेडटाइम स्टोरी’ हे नाटक लिहिले. परीक्षण मंडळाने त्यात ७८ काटछाटी सांगितल्या आणि पुढे सुमारे सतरा वर्षे ते रंगमंचावर येऊ शकले नाही. सतरा वर्षांत घरातले मूल कॉलेजात जाते! पोटापाण्यासाठी ते जाहिरातींचा मजकूर लिहीत राहिले.

‘रावण आणि एडी’ची सुरुवात त्यांनी मराठीतच केली होती. पूर्ण झाली ती मात्र इंग्रजीत, नव्वदीच्या दशकाच्या मध्यावर. माझगावची चाळ, गॅलरीतून खाली पडणारे बाळ, त्याला झेलताना जीव गमावणारा शेजारी व्हिक्टर, दृष्ट लागू नये म्हणून रामाचा झालेला रावण, आणि पाण्यासाठीची भांडणे! ज्यांनी नळापाशी बादल्यांची रांग लावली आहे, त्यांना त्या पानांवर हसू येईल आणि घसाही कोरडा पडेल. ही आपली गोष्ट आपल्याला रेखा सबनीसांच्या अनुवादातून परत मिळाली, हे मला अजून टोचते. ‘‘मराठी सोडली’’ म्हणून नगरकरांवर रुसणारे पुष्कळ भेटले. त्यांच्यापैकी किती जणांनी ‘सात सक्कं’ विकत घेतली होती, हे मी विचारले नाही. माझ्याही कपाटात ती नव्हती.

मीरेच्या नवऱ्याची बाजू मांडणाऱ्या ‘ककोल्ड’ला २००० साली साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला, तोही इंग्रजी विभागात.

मधेच १९९९ साली हा लेखक चक्क पडद्यावर दिसला. देव बेनेगल यांच्या ‘स्प्लिट वाइड ओपन’मध्ये. चित्रपट मुंबईचा, आणि त्याचा नायक पाणी विकणारा. म्हणजे पुन्हा पाणीच. स्वतंत्र बाण्याचा, तारे-तारकांच्या झगमगाटापासून दूरचा सिनेमा. पुढे २०१२च्या ‘द एक्स्ट्राज’मध्ये त्यांनी रावण आणि एडीला हिंदी सिनेमाच्या गर्दीत, नायकाच्या मागे नाचणाऱ्यांत उभे केले. गर्दीतल्या माणसावर त्यांचा असा जीव होता.

५ सप्टेंबर २०१९ रोजी नगरकर गेले. त्या रविवारी मी ‘सात सक्कं’ शोधत तीन दुकाने हिंडलो. तिसऱ्या दुकानदाराने विचारले, ‘‘पाढ्यांचं पुस्तक का?’’