शोषितांच्या घरातील शोषण

युरोपातील महायुद्ध थांबल्यावर अवघ्या तीन आठवड्यांनी, ३१ मे १९४५ रोजी जन्मलेला रायनर वेर्नर फासबिंडर हा जर्मन दिग्दर्शक १० जून १९८२ रोजी, वयाच्या ३७ व्या वर्षी निवर्तला. तेरा-चौदा वर्षांत चाळीसच्या आसपास चित्रपट व मालिका त्याने केल्या. आर्थिक भरभराटीच्या तोऱ्यात नाझी भूतकाळ विसरू पाहणाऱ्या पश्चिम जर्मनीतील उजव्यांना तो खुपला, यात नवल नाही. परंतु डाव्यांचाही रोष त्याने वारंवार ओढवून घेतला. समाजवादी कार्यकर्त्याने विचार करावा तो त्याचाच.

१९७२-७३ मध्ये ‘आठ तास म्हणजे दिवस नव्हे’ ही कोलोनमधील कारखान्याच्या कामगारांवरील मालिका त्याने दूरचित्रवाणीसाठी केली. कामाची आखणी स्वतःच्या हाती घेऊ पाहणारे कामगार तीत आहेत. पण कामगार संघटनांना तीत स्थान नाही, असा डाव्या टीकाकारांचा आक्षेप होता. आठ भागांची योजना असता पाचच भाग झाले.

१९७४ च्या ‘भीती आत्म्याला खाते’ या चित्रपटात साठीची सफाई-कामगार विधवा एमी ही अली या मोरोक्कन मजुराशी लग्न करते. मुले, शेजारी, सोबतिणी तिला वाळीत टाकतात. पुढे त्याच सोबतिणी पुन्हा जवळ घेताच एमी त्यांच्यासह एका नव्या परदेशी कामगार स्त्रीला एकटी पाडते, आणि अलीचे दंड मैत्रिणींना चाचपायला लावते. पीडित माणूस आपोआप न्यायी होत नाही, ही कटू गोष्ट फासबिंडरने येथे निःसंकोच मांडली.

१९७५ च्या ‘माता क्यूस्टर्स’ या चित्रपटाने तर घाव वर्मी घातला. कामगार-कपातीच्या वार्तेने भान सुटलेला क्यूस्टर्सबाईंचा पती वरिष्ठाचा खून करून आत्महत्या करतो. वृत्तपत्र त्याला राक्षस ठरवते. सुखवस्तू कम्युनिस्ट दांपत्य विधवेला घरी बोलावते, सभेत बोलावयास लावते. मात्र पतीच्या नावावरील डाग पुसण्याची निकड पक्षाला वाटत नाही. मग अराजकवादी तिला आपल्या साहसात ओढतो. प्रत्येकाला तिचे दुःख हवे असते. ती कोणालाच नको असते.

फासबिंडर स्वतः निर्दोष नव्हता. आपल्याच नटमंडळींशी तो हुकूमशहासारखा वागे, असे त्याच्या सहकाऱ्यांनी सांगितले आहे. ‘कचरा, शहर आणि मृत्यू’ या त्याच्या नाटकात ज्यू पात्राला नावही नाही. तो केवळ ‘श्रीमंत ज्यू’ आहे. १९८५ मध्ये फ्रँकफुर्टच्या ज्यू नागरिकांनी रंगमंचाचा ताबा घेऊन प्रयोग थांबविला. ज्यांच्या संहाराला उणीपुरी चार दशके झाली होती, त्यांचा संताप समजण्याजोगा होता. प्रक्षोभ हे स्वतःच मूल्य नव्हे. तो कोणावर कोसळतो हे पाहावेच लागते.

तथापि हे दोष नोंदवून त्याचा प्रश्न टाळता येत नाही. मालकाचे शोषण ओळखणे कार्यकर्त्याला कठीण नसते. संपात किंवा गोळीबारात दगावलेल्याच्या पत्नीला व्यासपीठावर बसविणेही कठीण नसते. सभा उठल्यानंतर, हारतुरे सुकल्यानंतर, तिच्या दारी कोण जातो? या प्रश्नाचे उत्तर ज्या चळवळीजवळ नसेल, तिने फासबिंडरवर रागावण्यापूर्वी क्यूस्टर्सबाईंची कहाणी एकदा पाहावी.